जुनी बाटली, नवी बाटली : एकाच परफ्यूमच्या दोन बॅच तपासायच्या कशा

माझ्याकडे एकाच परफ्यूमच्या दोन बाटल्या होत्या. एक दोन वर्षं वापरलेली, तळाशी बोटभर उरलेली. दुसरी नुकतीच खोक्यातून काढलेली. नवीचा वास पहिल्याच फवाऱ्यात पातळ वाटला. जुनीत धुराचा, चामड्याचा जो जडपणा होता, तो हिच्यात नव्हताच. ‘कंपनीने माल पातळ केला’ असं चार जणांना सांगून मी मोकळाही झालो. मग एका संध्याकाळी दोन्ही बाटल्या उलट्या करून तळाचे आकडे पाहिले. कोड एकच होता. दोन्ही मी एकदमच घेतल्या होत्या आणि ते विसरून गेलो होतो. फरक एवढाच की एक बाटली दोन वर्षं खिडकीलगतच्या फळीवर उभी होती आणि दुसरी कपाटातल्या अंधारात.

त्या दिवसापासून कुठल्याही बॅचला नावं ठेवण्याआधी मी एक ठरावीक क्रम पाळतो. बॅचमध्ये फरक पडतो, यात वाद नाही. पण दोन बाटल्यांच्या वासातला फरक फॉर्म्युल्यातून येऊ शकतो, कच्च्या मालातून येऊ शकतो, बाटलीच्या वयातून, ठेवण्याच्या जागेतून, स्प्रेच्या तोंडातून किंवा सरळ आपल्या नाकातून. बाकीची कारणं एकेक करून बाजूला काढल्याशिवाय बॅचवर बोट ठेवण्यात अर्थ नसतो.

बॅच म्हणजे नेमकं काय

आधी कारखान्यात काय घडतं ते पाहू, कारण पुढची प्रत्येक पायरी त्यावर उभी आहे.

फॉर्म्युल्यात लिहिलेले घटक वजन करून एकत्र केले की तयार होतो तो अर्क, म्हणजे कॉन्सन्ट्रेट. घटकांची संख्या काही डझनांपासून शंभरावर जाऊ शकते. बऱ्याचदा ब्रँड हा अर्क स्वतः बनवत नाहीत. जिवोदान, डीएसएम-फर्मेनिक, आयएफएफ, सिमराइज अशा मोठ्या कंपन्यांकडून तो येतो. अर्क काही काळ मुरू देतात, मग त्यात अल्कोहोल आणि थोडं पाणी मिसळून पुन्हा मुरवतात. नंतर मिश्रण थंड करतात, म्हणजे नैसर्गिक घटकांतलं मेण वगैरे साका होऊन खाली बसतं. ते गाळून मग बाटल्या भरतात. प्रत्येक टप्प्यावर नमुना राखून ठेवलेल्या प्रमाण नमुन्याशी ताडून पाहतात, यंत्रानेही आणि नाकानेही. गॅस क्रोमॅटोग्राफ घटकांचं प्रमाण सांगतो. पण अगदी अल्प प्रमाणात असूनही वासावर राज्य करणारे घटक असतात, तिथे अनुभवी नाकाला पर्याय नाही.

यात दोन जागा अशा आहेत की जिथे कुणीही काही चुकीचं न करता वास सरकू शकतो.

पहिली जागा मुरवण्याची. अल्डिहाइड नावाचे तीव्र वासाचे घटक हळूहळू अल्कोहोलशीच संयोग पावतात आणि सुरुवातीचा टोचरेपणा कमी होतो. बाटली भरली म्हणून ही क्रिया थांबत नाही. म्हणजे भरल्यापासून दोन महिन्यांत उघडलेली बाटली आणि त्याच टाकीतली दीड वर्षाने उघडलेली बाटली यांचा वास हुबेहूब एक असेलच असं नाही.

दुसरी जागा प्रमाण नमुन्याची. तोही शेवटी परफ्यूमच. तोही म्हातारा होतो. म्हणून अधूनमधून नवा नमुना प्रमाण म्हणून ठेवावा लागतो. प्रत्येक नवी बॅच अलीकडच्या नमुन्याशी नीट जुळते, तरी पंधरा वर्षांपूर्वीच्या पहिल्या बॅचपासून बरीच दूर गेलेली असू शकते. जुन्या सहीची नक्कल, मग त्या नक्कलेची नक्कल, असं करत गेलं की शेवटची सही मूळ सहीसारखी दिसत नाही, तसलाच प्रकार.

कच्चा माल : जिथे खरोखर ऋतू बदलतो

बर्गमॉट या लिंबूवर्गीय फळाचं उदाहरण सगळ्यात बोलकं. परफ्यूममधला बहुतेक बर्गमॉट इटलीच्या दक्षिण टोकाला, कालाब्रियाच्या किनारपट्टीवर पिकतो. हंगाम साधारण नोव्हेंबर ते मार्च. सुरुवातीच्या हिरव्या फळांच्या तेलात लिनालूल हा सुगंधी घटक जास्त असतो. फळ पिकत जातं तसा तो उतरतो आणि लिनालिल अॅसिटेट हा दुसरा घटक वाढतो. त्यामुळे सुरुवातीचं तेल हिरवं, धारदार लागतं आणि उशिराचं गोलसर, गोड. झाड तेच, बाग तीच, महिना वेगळा.

गुलाबाचा हंगाम तर काही आठवड्यांचाच. बल्गेरियातलं कझानलाक आणि तुर्कस्तानातलं इस्पार्ता इथे मे-जूनमध्ये फुलं खुडतात आणि एक किलो तेलासाठी तीन ते चार टन पाकळ्या लागतात. त्या दिवसांत ऊन किती, पाऊस किती, यावर तेलाचा पोत ठरतो. पॅचुली या सुगंधी पानांच्या झुडपाचं तेल उलट ठेवल्याने सुधारतं. ताजं तेल कच्चं, मातकट असतं, जुनं झालं की मऊ होतं.

मग प्रत्येक वर्षी परफ्यूम वेगळा का येत नाही? कारण हा फरक पुसण्याची कलाही तितकीच जुनी आहे. वेगवेगळ्या बागांचं, वेगवेगळ्या हंगामांचं तेल एकत्र करून दरवर्षी जवळपास सारखाच माल तयार करतात. फ्रान्समधल्या ग्रासच्या व्यापारात अशा मिश्रणाला ‘कम्युनेल’ म्हणतात. काही घराणी एक पाऊल पुढे जातात. शनेलने १९८७ पासून ग्रासजवळच्या पेगोमास इथल्या म्यूल कुटुंबाशी करार करून आपल्या नंबर ५ साठी जाई आणि गुलाब तिथेच पिकवून घ्यायला सुरुवात केली. फूल आपल्या हातात राहिलं की वासही आपल्या हातात राहतो, हा त्यामागचा हिशेब.

‘फरक पडतो तो नैसर्गिक घटकांमुळे, कृत्रिम घटक कायम एकसारखे’ ही समजूतही अर्धवटच. ३१ ऑक्टोबर २०१७ रोजी जर्मनीत लुडविग्सहाफेन इथे बीएएसएफ या रसायन कंपनीच्या सिट्राल कारखान्यात आग लागली. सिट्राल या लिंबासारख्या वासाच्या रसायनापासून पुढे आयोनोनसारखे बरेच सुगंधी घटक तयार होतात. कंपनीला पुरवठा थांबवावा लागला आणि जगभरच्या परफ्यूम उद्योगाला त्याची झळ लागली. असा प्रसंग आला की फॉर्म्युला बनवणाऱ्यापुढे दोनच वाटा असतात : दुसरीकडून माल घ्या किंवा दुसऱ्या घटकाने वेळ मारून न्या. दोन्ही वाटांनी वास केसभर हलू शकतो.

बॅचची सगळ्यात जास्त चर्चा ज्या परफ्यूमवर होते, तो क्रीड घराण्याचा अॅव्हेंटस. २०१० साली बाजारात आला. त्याच्या चाहत्यांनी बॅचचे सरळ दोन तट पाडले आहेत : ‘अननसाच्या’ आणि ‘धुराच्या’. अमुक वर्षी अननस चांगला आला होता, असंही कुणी अगदी गंभीरपणे सांगतं. गंमत अशी की परफ्यूममधला अननस शेतातून येत नाही. अननसाचा भास अॅलिल हेप्टानोएटसारख्या एस्टरांनी, म्हणजे फळांसारखा वास देणाऱ्या रसायनांनी उभा करतात. त्याला हंगाम नसतो. मला वाटतं, या दोन तटांमागे निदान काही वेळा बाटलीचं वय असावं. फळांचे आणि बर्गमॉटसारखे वास हलके, चटकन उडणारे आणि लवकर बिघडणारे. धूर, शेवाळ, पॅचुली हे जड आणि टिकाऊ. वरचा थर झिजला की खालचा धूर आपोआप उठून दिसतो. बाटली उन्हात राहिली असेल तर ‘अननसाची’ बॅच वर्षभरात ‘धुराची’ होऊ शकते, आणि कोड मात्र तोच राहतो.

पहिली पायरी : कोड वाचा, पण त्यावर आंधळा विश्वास ठेवू नका

बाटलीच्या तळाशी, मागच्या बाजूला किंवा खोक्याच्या खालच्या पाखीवर छोटा कोड असतो. छापलेला, कोरलेला किंवा नुसता ठसा उमटवलेला. युरोपच्या कायद्यानुसार (नियम १२२३/२००९) बॅच ओळखता येईल असा क्रमांक देणं बंधनकारक आहे. वस्तू फार लहान असेल तर तो फक्त खोक्यावर चालतो. त्यामुळे खोकं फेकू नका. निदान दोन्हीकडचे कोड सारखे आहेत ना, हे फेकण्याआधी पाहा. वेगळे असतील तर बाटली आणि खोकं दोन ठिकाणचं आहे; वापरलेली बाटली घेताना तर हे पाहायलाच हवं.

कोडची भाषा प्रत्येक घराण्याची वेगळी. कुणाकडे पहिले दोन अंक वर्षाचे, मग महिन्याचं अक्षर. कुणाकडे वर्षाचा फक्त शेवटचा अंक. कुणाकडे नुसता क्रमाने वाढत जाणारा आकडा, ज्यात वर्ष डोळ्याला दिसतच नाही. कोड टाकल्यावर तारीख सांगणाऱ्या वेबसाइट आहेत, पण एकअंकी वर्षाच्या कोडसमोर त्याही हात टेकतात. ७ ने सुरू होणारा कोड २००७ चा की २०१७ चा, हे त्यांना कळत नाही आणि बहुतेक वेळा त्या जवळचं वर्ष सांगून टाकतात. जुनी बाटली नवी ठरते ती अशीच.

आणखी एक. कोड बहुधा बाटली भरल्याचा असतो. अर्क कधी बनला, तो किती मुरला, हे त्यातून कळत नाही. एकाच अर्काच्या दोन भरण्या वेगळे कोड घेऊन येऊ शकतात.

दुसरी पायरी : खोक्यावरची घटकांची यादी

बहुतेक लोक ही यादी ओलांडून पुढे जातात. बॅचचा शोध घेणाऱ्यासाठी मात्र हाच सगळ्यात पक्का पुरावा. ‘पार्फम’ या एका शब्दाआड पूर्ण फॉर्म्युला झाकलेला असतो हे खरं, पण अॅलर्जी होऊ शकणाऱ्या ठरावीक घटकांची नावं वेगळी द्यावीच लागतात. युरोपात २००५ पासून अशी २६ नावं देणं सक्तीचं झालं. अंगावर राहणाऱ्या उत्पादनात ०.००१ टक्क्यापेक्षा जास्त प्रमाण असेल तर नाव छापायचं.

या यादीत काही नावं तारखेच्या शिक्क्यासारखी वापरता येतात. खोक्यावर ती रोमन लिपीत आणि किचकट रासायनिक रूपात असतात, भिंग घेऊन बसा.

ब्यूटिलफिनाइल मिथाइलप्रोपियोनल, म्हणजे लिलिअल. लिली-ऑफ-द-व्हॅली या फुलाचा स्वच्छ, ओलसर वास देणारा घटक. १ मार्च २०२२ पासून युरोपात त्यावर बंदी आहे. हे नाव खोक्यावर असेल तर माल त्याआधीचा समजा.

हायड्रॉक्सिआयसोहेक्झिल ३-सायक्लोहेक्झिन कार्बोक्साल्डिहाइड, म्हणजे लायरल. २३ ऑगस्ट २०१९ नंतर लायरल असलेलं नवं उत्पादन युरोपच्या बाजारात आणता येत नव्हतं आणि २३ ऑगस्ट २०२१ नंतर दुकानात विकताही येत नव्हतं.

एव्हर्निया प्रुनास्ट्री, म्हणजे ओकमॉस, ओकच्या झाडावरचं शेवाळासारखं दगडफूल. हे नाव दिसेनासं झालं तर फॉर्म्युल्याला हात लागल्याची शक्यता बरीच. नाव तसंच राहिलं तरी आतला माल बदललेला असू शकतो. लायरलसोबतच अॅट्रॅनॉल आणि क्लोरोअॅट्रॅनॉल या ओकमॉसमधल्या दोन घटकांवर बंदी आली, तेव्हापासून हे दोन्ही काढून टाकलेलं ओकमॉस वापरावं लागतं. त्याचा वास जुन्या ओकमॉसच्या जवळ जातो, पण ती शाईसारखी, ओल्या सालीसारखी खोली तशीच राहत नाही. गेर्लां या फ्रेंच घराण्याचा १९१९ चा मित्सुको हा परफ्यूम अख्खा या ओकमॉसच्या खांद्यावर उभा आहे. असल्या परफ्यूमच्या जुन्या-नव्या बाटल्यांत फरक वाटला तर तो बॅचचा नाही, कायद्याने करायला लावलेल्या दुरुस्तीचा.

कायद्याच्या जोडीला आंतरराष्ट्रीय सुगंध संघटना, म्हणजे इफ्रा. १९७३ साली स्थापन झालेली ही उद्योगाचीच संस्था घटकांच्या मर्यादा ठरवते आणि सुधारणा करत राहते. २०२३ मध्ये आलेली सुधारणा ५१ वी होती. अशा प्रत्येक सुधारणेनंतर कित्येक जुन्या फॉर्म्युल्यांची डागडुजी होते, आणि ब्रँड त्याचा गाजावाजा करत नाही.

यादी वाचताना दोन ठिकाणी पाय घसरतो. एक, एखादं नाव गायब झालं म्हणजे घटकच गेला असं नव्हे, तो ०.००१ टक्क्याच्या खाली आला असेल. दोन, इथून पुढे याद्या लांबणार आहेत. २०२३ च्या युरोपीय नियमाने (२०२३/१५४५) जाहीर करायच्या नावांची संख्या ८० च्या वर नेली आहे. नव्या उत्पादनांना ३१ जुलै २०२६ पासून आणि बाजारात आधीच असलेल्यांना ३१ जुलै २०२८ पर्यंत ते पाळायचं आहे. म्हणजे आतला थेंबही न बदलता खोक्यावरची यादी लांब होईल, आणि ‘फॉर्म्युला बदलला’ अशी बोंब उठेल. लांबलेली यादी हा पुरावा धरू नका. गळलेलं नाव हा पुरावा धरता येतो, तोही सावधपणे.

लोरेआल गटाच्या परफ्यूमवर यादीच्या शेवटी एफ.आय.एल. असा आणखी एक कोड असतो. तो घटकांच्या यादीचा क्रमांक. दोन खोक्यांवर तो वेगळा असेल तर निदान कागदोपत्री काहीतरी बदललं आहे.

तिसरी पायरी : बाटलीची प्रकृती

दोन्ही बाटल्या पांढऱ्या कागदासमोर धरा. द्रव गडद झालाय का? व्हॅनिला, संत्र्याच्या फुलांचे घटक, शेवाळ असलेले परफ्यूम वयाबरोबर पिवळे-तपकिरी होतात आणि तेवढ्याने वास बिघडतोच असं नाही. वास पाहा. पहिल्या अर्ध्या मिनिटात नेलपॉलिशसारखा किंवा जुन्या वॉर्निशसारखा भपकारा येऊन मग सगळं सुरळीत होत असेल, तर वरचे लिंबूवर्गीय घटक हवेने खराब झालेत. हा दोष बाटलीचा, बॅचचा नाही.

बाटलीत द्रव किती उरलाय हेही बघा. पाऊण रिकाम्या बाटलीत पाऊण भाग हवा आहे, आणि हवा म्हणजे ऑक्सिजन. अशा बाटलीची तुलना गच्च भरलेल्या बाटलीशी करणं मुळातच अन्यायाचं. लहान कुपीत काढून दिलेला माल असेल तर तो काढतानाच हवेत खेळला आहे.

चौथी पायरी : स्प्रे मोजा

ही पायरी मला फार उशिरा सुचली आणि निम्मे वाद तिथेच मिटले. ब्रँड स्प्रेचा पंप बदलतात. पुरवठादार बदलतो, तोंडाचं छिद्र बदलतं, फवारा अधिक बारीक, धुक्यासारखा होतो. वापरणाऱ्याला जाणवतं ते इतकंच की ‘पूर्वी दोन फवाऱ्यांत भागायचं, आता चार लागतात’.

सोनाराकडे असतो तसा ०.०१ ग्रॅमपर्यंत मोजणारा छोटा काटा घ्या. पंपात अडकलेला शिळा माल निघून जावा म्हणून आधी तीन-चार फवारे बाहेर मारा. बाटलीचं वजन करा. मग पंप पूर्ण दाबून बरोबर दहा फवारे मारा, अर्धवट दाबलेला एकही मोजू नका. पुन्हा वजन करा. फरकाला दहाने भागा. परफ्यूम पाण्यापेक्षा हलका असतो, एक मिलिलिटर म्हणजे साधारण ०.८ ते ०.८५ ग्रॅम. समजा जुन्या बाटलीचा फवारा ०.१० ग्रॅमचा निघाला आणि नव्याचा ०.०६ चा. मग नव्या बाटलीतून आपण चाळीस टक्के कमी परफ्यूम लावतोय. परफ्यूम पातळ झालेला नसून पंप कंजूष झालाय.

म्हणूनच पुढच्या तुलनेत थेट स्प्रे वापरायचाच नाही. दोन्ही बाटल्यांतून काचेच्या स्वच्छ कुप्यांमध्ये थोडा माल फवारून घ्या आणि तिथून ड्रॉपरने थेंब मोजून घ्या. दोघांना वेगळे ड्रॉपर.

पाचवी पायरी : कागदाच्या पट्ट्या आणि घड्याळ

वास न येणारा, टिपकागदासारखा द्रव शोषणारा जाड कागद घ्या; परफ्यूमच्या दुकानातल्या कोऱ्या पट्ट्या उत्तम. दोन्हींवर दोन-दोन थेंब, मागच्या बाजूला पेन्सिलने खूण. अल्कोहोल उडू द्या, अर्धं मिनिट पुरे. मग एका मिनिटाने, पंधरा मिनिटांनी, एका तासाने, चार तासांनी आणि दुसऱ्या दिवशी सकाळी हुंगा. प्रत्येक वेळी एक शब्द का होईना, लिहून ठेवा. आठवणीवर विसंबू नका. वासाची आठवण फार लबाड असते.

फरक कधी दिसतो, यावरून तो कुठून आला याचा बराच अंदाज बांधता येतो. हा सगळ्या खटाटोपाचा गाभा.

फरक फक्त पहिल्या दहा-पंधरा मिनिटांत आहे आणि नंतर दोन्ही पट्ट्या एक झाल्या, तर कारण बहुधा वय, साठवण किंवा बर्गमॉटसारख्या पिकाचा हंगाम. यासाठी बाटली परत करायला धावू नका. एखादी बाटली सुरुवातीला टोचत असेल तर काही महिने अंधारात ठेवून पुन्हा पाहा.

सुरुवात सारखीच, पण एका तासानंतर, आणि विशेषतः दुसऱ्या दिवशी सकाळी, दोन पट्ट्या दोन वेगळ्या वाटेला गेल्या असतील तर संशय फॉर्म्युल्यावर. तळाचे जड घटक सहज बिघडत नाहीत. तिथला फरक बहुधा कुणीतरी मुद्दाम केलेला असतो. आता दुसऱ्या पायरीतल्या यादीकडे परत जा.

दोन्ही पट्ट्यांचा वास शेवटपर्यंत एकच, फक्त एक कमी जोराची असेल, तर अर्काचं प्रमाण किंवा अल्कोहोल उडून जाण्यातला फरक असू शकतो. उलट मोजलेल्या थेंबांत दोन्ही सारख्या आणि बाटलीतून मारल्यावर वेगळ्या, तर चौथी पायरी बरोबर निघाली.

सहावी पायरी : आपल्या नाकाची उलटतपासणी

इथवर सगळं डोळे उघडे ठेवून झालं. कुठली पट्टी कुठली हे माहीत असताना नाक मनासारखंच बोलतं. त्यामुळे तीन पट्ट्यांची चाचणी करायची. दुसऱ्या कुणाला तरी कामाला लावा. त्याने तीन पट्ट्या तयार करायच्या : दोन एका बॅचच्या, एक दुसऱ्या बॅचची. कधी जुनीच्या दोन, कधी नवीच्या दोन, क्रमही उलटसुलट. तुम्ही फक्त वेगळी ओळखायची. जुनी कोणती, नवी कोणती, चांगली कोणती, हे विचारायचंच नाही.

नुसत्या अंदाजाने बरोबर येण्याची शक्यता तीनात एक. म्हणून एका फेरीवर काही ठरत नाही. सहा फेऱ्या करा. अंदाजपंचे सहापैकी चार किंवा अधिक बरोबर येण्याची शक्यता दहा टक्के आहे. इतक्यावर पैज लावू नये. पाच किंवा अधिक बरोबर येण्याची शक्यता ७२९ मध्ये १३, म्हणजे दोन टक्क्यांहून कमी. पाच बरोबर आल्या तर तुमचं नाक खरं बोलतंय.

सहाही फेऱ्या एका बैठकीत उरकू नका. दिवसाला दोन, मध्ये मोकळ्या हवेत पंधरा मिनिटं. दुकानात कॉफीच्या बिया हुंगायला देतात त्याचा साध्या हवेपेक्षा जास्त उपयोग होत नाही. जुना द्रव गडद असेल तर पट्टीवरचा डाग चुगली करतो, तेव्हा डोळे मिटून हुंगा. माझ्या पहिल्या चाचणीत मी सहापैकी सहा बरोबर ओळखले आणि फुशारलो. मग मदतनीसाने दाखवलं की एका बाटलीचे थेंब तो प्रत्येक वेळी जरा मोठे टाकत होता. मी बॅच ओळखत नव्हतो, कागदाचा ओलेपणा ओळखत होतो. पुन्हा केली तेव्हा तीन आले.

ही चाचणी सुरू करण्याआधी तो परफ्यूम निदान आठवडाभर लावू नका. रोज लावणाऱ्याचं नाक त्याच्याबाबत मंद होतं, आणि नवी बाटली उघडण्याची वेळ नेमकी अशा मुरलेल्या नाकावरच येते. काही कस्तुरीसदृश कृत्रिम घटक आणि काही आधुनिक लाकडी वासाचे घटक तर असे आहेत की ते कित्येकांना मुळात कमी किंवा अजिबातच जाणवत नाहीत. तुम्हाला फिका वाटणारा परफ्यूम शेजारी बसलेल्याला घमघमाट वाटत असेल. एकदा त्यालाच विचारून बघा.

त्वचेवरची चाचणी सगळ्यात शेवटी, आणि दोन हातांवर एकाच वेळी. काल डावीकडे जुनी, आज उजवीकडे नवी, असं केलं तर तुम्ही हवामान, आंघोळ आणि घाम यांची तुलना करताय.

एवढं करून फरक खरा निघाला तर

मग तुम्हाला आवडणारी बॅच शोधायला हरकत नाही, पण तीही डोळे उघडे ठेवून. ‘दुर्मीळ जुनी बॅच’ म्हणून जे विकलं जातं, त्यात तुम्ही परफ्यूमबरोबर अनोळखी माणसाच्या कपाटातली बरीच वर्षंही विकत घेत असता. घेण्याआधी कोडचे फोटो मागा, बाटलीचा आणि खोक्याचा, दोन्ही. द्रवाची पातळी आणि रंग दिसेल असा उजेडातला फोटो मागा. शक्य असेल तर आधी दोन मिलिलिटर घेऊन पाचवी पायरी करा. आणि फरक फक्त पहिल्या दहा मिनिटांचा असेल, तर माझं सरळ मत : जुन्या बॅचमागे लागू नका.

राहिलं साठवणुकीचं. फ्रान्समधल्या व्हर्साय इथे १९९० साली सुरू झालेलं ऑस्मोथेक हे परफ्यूमचं संग्रहालय जुने परफ्यूम १२ अंश सेल्सिअसला, अंधारात, वर आरगॉन या निष्क्रिय वायूचा थर देऊन ठेवतं. आपल्याला आरगॉन नको. बाटली खोक्यात, खोकं कपाटात, न्हाणीघरापासून आणि खिडकीपासून दूर, एवढं पुरे.

त्याशिवाय मी एक करतो. नवी बाटली उघडली की पहिले चार फवारे सोडून पाच मिलिलिटर माल एका काचेच्या कुपीत काढतो. कुपी काठोकाठ भरायची, वर हवा राहू द्यायची नाही, झाकण घट्ट. ती कपाटातल्या सगळ्यात थंड कोपऱ्यात जाते आणि पुढची बाटली येईपर्यंत तिला हात लावायचा नाही. पुढच्या वेळी तुलना करायची ती या कुपीशी, फळीवरच्या अर्ध्या रिकाम्या बाटलीशी नाही. कुपीवरच्या चिठ्ठीवर कोड आणि तारीख लिहिताना पेन्सिल वापरा. पहिल्या वर्षी मी शाईच्या पेनने लिहिलं होतं. एक थेंब ओघळला, अक्षरं पुसली गेली, आणि आता माझ्याकडे तीन कुप्या अशा आहेत की त्या कशाच्या, हे फक्त हुंगूनच सांगायचं.